बाई आवाज खाली घेतात

(दृश्य : अमळनेर तालुक्यातली जिल्हा परिषदेची शाळा. मधली सुट्टी संपल्याची घंटा.)

पोरं नळावरून, निंबाखालून धावत वर्गात शिरताहेत. एकाच्या हातातली बाटली सांडलीय, दोघींची जागेवरून ओढाताण चाललीय. मागून तक्रार येते, "बाई, यानी मनी पेन्सिल लिधी!"

बाई ओरडत नाहीत. त्या फळ्यावर एक कोडं लिहिताहेत. दोन ओळी होईस्तोवर पुढच्या पट्टीवरची पोरं वाचू लागतात. चौथ्या ओळीला वह्या निघतात. मग बाई वळतात आणि इतक्या हळू बोलतात, की मागच्या पोराला ऐकायचं तर गप्प बसावंच लागतं. पेन्सिल कधी परत गेली, आमच्या कॅमेऱ्यालाही दिसलं नाही.

या एका खोलीत तिसरी आणि चौथी एकत्र बसतात. शिक्षण हक्क कायद्याच्या हिशेबानं प्राथमिक शाळेत 60 मुलांपर्यंत 2 शिक्षक. म्हणजे खान्देशातल्या कितीतरी लहान गावांत दोघांनी सगळ्या इयत्ता सांभाळायच्या. एका इयत्तेला शिकवायचं, तेव्हा उरलेल्या पोरांच्या हाताला काम हवं. ते नसलं की दंगा ठरलेला.

गोंगाट बहुतेक वेळा धडा चालू असताना होत नाही. तो होतो दोन कामांच्या मधल्या फटीत. वह्या वाटताना, गणित संपून भाषा सुरू होताना. म्हणून इथं वह्या बाई वाटत नाहीत, पट्टीवरचा पहिला मुलगा मागे सरकवतो. पाणी प्यायला जायचं तर दाराजवळच्या खिळ्यावरची लाकडी पाटी घेऊन जायचं, पाटी जागेवर नसेल तर थांबायचं. विचारायची गरज नाही, नाही म्हणायचीही नाही. नियम मोजून चार, मुलांनीच सुचवलेले. ते सरपंचांच्या मुलालाही लागू आणि बाईंनाही. उशीर झाला तर बाईही कारण सांगतात.

(दृश्य : बाई बोलत बोलत मागच्या भिंतीपर्यंत चालत जातात.)

हे चालणं नीट बघा. कुजबुजणाऱ्या दोघांजवळ त्या क्षणभर थांबतात. नाव घेत नाहीत, धडाही थांबवत नाहीत. कुजबूज विरते. भर वर्गात नाव घेऊन झापलं असतं, तर पोरगं चारचौघांत आपली बाजू राखायला उलट बोललं असतं, आणि तिथून पुढे भांडणच उरलं असतं.

कायदा स्पष्ट आहे. 1 एप्रिल 2010 पासून लागू झालेल्या शिक्षण हक्क कायद्याचं कलम 17 मुलांना शारीरिक शिक्षा करायला मनाई करतं आणि मानसिक छळालाही. छडी बऱ्याच शाळांतून गेली. 'ढ', 'बैल', 'तुझ्या डोक्यात काय भरलंय' हे मात्र अजून ऐकू येतं. आम्हाला ते छडीइतकंच गंभीर वाटतं.

याच अमळनेरात 1924 ते 1930 या काळात साने गुरुजी शिक्षक होते, आज ज्याला प्रताप हायस्कूल म्हणतात त्या शाळेत. वसतिगृहही त्यांच्याकडे होतं. मुलांच्या खोल्या अस्ताव्यस्त दिसल्या की ते स्वतः झाडत, कपडे धूत, अंथरुणं आवरून ठेवत. मुलंच ओशाळत आणि कामाला लागत. ही माया सगळ्यांना जमेल असं नाही. पण शिक्षक जे करतो तेच पोरं उचलतात, हे इथल्या मातीला जुनंच ठाऊक आहे.

(दृश्य : पांढरंशुभ्र कापसाचं शेत. वेचणी चालू.)

दिवाळीच्या सुमारास वेचणी सुरू होते आणि वर्गातल्या जागा रिकाम्या पडू लागतात. बाईंच्या वर्गातल्या एका मुलाचे पंधरा दिवस असेच शेतात गेले. परत आला तो भागाकार पुढे गेलेला. त्यानं शेजारच्याला कोपर मारलं, खडू फेकला, तिसऱ्या दिवशी वहीच फाडली.

बाईंनी त्याला शाळा सुटल्यावर नळाशी गाठलं. वर्गात नाही, ऑफिसात नाही, पालकांसमोर तर नाहीच. वर्गात प्रमाण मराठी बोलणाऱ्या बाईंनी तिथं अहिराणीत विचारलं, "काय व्हयनं रे?"

बराच वेळ तो तोटी उघडझाप करत राहिला. मग म्हणाला, "माले समजत नही."

दुसऱ्या दिवसापासून परिपाठाआधी दहा मिनिटं दोघं भागाकार करतात. चिंचोके मांडून. बारा चिंचोके, तिघांत वाटायचे. फळा पुसायचं कामही त्याच्याकडे आलंय.

(दृश्य : मुलगा टाचा उंचावून फळ्याचा वरचा कोपरा पुसतोय.)

आजही त्यानं एकदा शेजारच्याला ढकललं. बाई जवळ जाऊन उभ्या राहिल्या. त्यानं हात मागे घेतला आणि पेन्सिल उचलली.