डोकं खाली, पाय वर

(दृश्य: सकाळची व्यायामशाळा. तळहातावर एरंडेल.)

मल्लखांबावर चढायच्या आधी हा मुलगा हातापायांना एरंडेल चोळतोय. तेल कमी पडलं तर कातडी सोलवटते, जास्त झालं तर पकड सुटते. नेमकं किती लावायचं हे हळूहळू हातालाच कळायला लागतं.

दोन्ही हातांनी खांब धरला, पाय वर गेले, मांड्यांनी खांब आवळला. ही अढी. आता हात सुटले. डोकं खाली, पाय वर. पाय त्याला दिसत नाहीत, तरी कुठली मांडी किती आवळायची हे त्याला बरोबर ठाऊक आहे.

हे कळतं कसं? आपल्या स्नायूंत आणि सांध्यांत ताण ओळखणारे चेतातंतू असतात. गुडघा किती वाकलाय, घोटा कुठं कललाय, याची खबर ते मेंदूला सतत पोचवत असतात. कानाच्या आतल्या तीन अर्धवर्तुळाकार नलिका डोकं कुठं वळलं ते सांगतात. उरलेलं काम डोळ्यांचं, आणि एरवी आपण सगळा भार डोळ्यांवरच टाकतो. करून बघा. भिंतीचा आधार हाताशी ठेवून एका पायावर उभे राहा आणि डोळे मिटा. घोटा थरथरायला लागतो. थरथरू द्या. तोल सावरायला तो शिकतोय. लंगडी खेळणाऱ्या पोरांचे घोटे हेच शिकत असतात, म्हणून अंगणातली लंगडी बंद पडू नये असं मला मनापासून वाटतं.

(दृश्य: खांबाचा वरचा भाग: निमुळती मान आणि तिच्यावरचा गोल गोळा, म्हणजे बोंड.)

मल्लखांब म्हणजे मल्लाचा खांब. कुस्तीच्या पकडींचा सराव करायला समोर जोडीदार नसला, तरी हा खांब असतो. १२व्या शतकातल्या ‘मानसोल्लास’ ग्रंथात त्याचा उल्लेख सापडतो. पुढे दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभटदादा देवधरांनी ही विद्या पुन्हा उभी केली. २०१९मध्ये मुंबईत शिवाजी पार्कला मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा झाली. तिथल्याच समर्थ व्यायाम मंदिरात आयुष्यभर शिकवणाऱ्या उदय देशपांडे यांना २०२४मध्ये पद्मश्री मिळाली.

(दृश्य: दोरीचा मल्लखांब. पायाच्या अंगठ्याचं जवळून चित्रण.)

पूर्वी वेतावर होणारे उड्या-अढ्यांचे प्रकार आज सुती दोरीवर होतात. ही मुलगी बघा. पायाचा अंगठा आणि शेजारचं बोट यांच्या फटीत दोरी पकडून ती वर सरकतेय. दोरीला गाठ मारायची नाही. अंगाभोवती नुसते वेढे घ्यायचे, आणि तेही न बघता, कारण दोरी पाठीमागून जाते. दृष्टिहीन मुलीही हा मल्लखांब शिकतात, तेव्हा मला नवल वाटत नाही. दोरी कुठं आहे ते कातडीला कळतं. शिक्षकाने एकदा हात धरून वेढा फिरवून दाखवला की अंग तो लक्षात ठेवतं.

खाली गादी आणि शेजारी शिक्षक असल्याशिवाय यातलं काहीही करायचं नाही.

(दृश्य: पुन्हा लाकडी खांब.)

तो मुलगा आता बोंडावर चढलाय. तळपायाला जेमतेम पुरेल एवढीशी जागा. खालून सरांचा आवाज येतो, “पोट आत घे. नजर समोर.” एक पाय हळूहळू उचलला जातो. हात बाजूला पसरतात. टेकलेल्या पायाचा घोटा थरथरतोय, आणि तो तसाच उभा आहे.