ॲपियाच्या दगडांवरून सायकलने

नमस्कार श्रोतेहो.

रेडिओवर चित्र दाखवता येत नाही, म्हणून मी आवाजापासून सुरुवात करते. सायकलचं चाक मातीच्या पायवाटेवरून जातं तेव्हा नुसती खरखर ऐकू येते, मधूनच एखादी वाळकी काडी मोडते. तेच चाक दोन हजार वर्षं जुन्या दगडांवर चढलं की सगळं बदलतं. हँडल हातात उड्या मारतं, बाटली खणखणते, दातांवर दात आपटतात. रोमच्या वेशीबाहेर, व्हिया ॲपिया अँटिका या रस्त्यावर, आमची गाईड पुढून मागे वळून सांगत होती, "सीटवर बसून राहू नका. थोडं उठा, पायडलवर भार द्या, कोपरं सैल सोडा. दगडाशी भांडू नका." दहा मिनिटांत ते अंगवळणी पडलं. मग मान वर करून आजूबाजूला बघता येऊ लागलं. त्या बघण्याबद्दलच आज बोलायचं आहे.

आधी सायकलविषयी सांगते. ई-बाईक म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बॅटरीवर चालणारी स्कूटर येते. ही ती नव्हे. ही सायकलच. पायडल मारल्याशिवाय ती जागची हलत नाही. तुम्ही जोर लावला की तो जोर मोजून मोटर त्यात आपली भर घालते. युरोपातल्या नियमाप्रमाणे या मोटरची शक्ती २५० वॅटपर्यंत असते आणि वेग ताशी २५ किलोमीटरवर गेला की ती मदत थांबवते. तिथून पुढे तुम्ही आणि तुमचे पाय. सायकल मात्र जड असते, वीस-पंचवीस किलोंची. पायऱ्यांवरून उचलून न्यायची वेळ आली तर दोघांनी मिळून उचलावी. हँडलवर बटणं असतात, कमी मदत, मध्यम, भरपूर. आमच्यातल्या एकांनी निघतानाच भरपूरचं बटण दाबलं आणि पहिल्या पायडललाच सायकल अशी उसळली की ते कसेबसे सावरले. तेव्हा श्रोतेहो, सुरुवात नेहमी सगळ्यात कमी मदतीवर करावी.

मी साठी ओलांडली आहे. गुडघे पूर्वीसारखे राहिलेले नाहीत. या फेरीचं २५ किलोमीटर अंतर चालणं मला जमलं नसतं, आणि बसमधून गेले असते तर एका तिकीट खिडकीपासून दुसऱ्या तिकीट खिडकीपर्यंत पोचले असते, बस्स. मधलं सगळं काचेपलीकडे राहिलं असतं. आणि या रस्त्याची खरी गोष्ट त्या मधल्यातच आहे.

हा रस्ता इ.स.पू. ३१२ मध्ये ॲपियस क्लॉडियस या रोमन अधिकाऱ्याने बांधायला घेतला. त्याच्याच नावावरून ॲपिया. आधी तो दक्षिणेला कापुआ गावापर्यंत गेला, पुढे वाढत वाढत इटलीच्या टाचेशी, ब्रिंडिसीच्या बंदरापर्यंत पोचला. रोमन कवी स्टॅशियसने त्याला रस्त्यांची राणी म्हटलं, ते नाव आजही चालतं. रुंदी जेमतेम चार मीटर, समोरासमोरून आलेल्या दोन गाड्या एकमेकींना ओलांडून जातील एवढी. सहाव्या शतकात प्रोकोपियस नावाचा इतिहासकार इथून गेला. रस्ता तेव्हाच साडेआठशे वर्षांचा झाला होता. प्रोकोपियसने लिहून ठेवलं की दगड एकमेकांना असे भिडवलेत की ते बसवलेले वाटत नाहीत, एकत्र वाढलेले वाटतात. आज तसं राहिलेलं नाही. कडा गोलावल्या आहेत, सांधे उघडले आहेत, काही दगडांत चाकांनी पाडलेल्या खाचा आहेत. मी सायकल आडवी घालून अशा एका खाचेत बोटं ठेवली. चार बोटं सहज मावली. तळ इतका गुळगुळीत, की पाट्यावरून हात फिरवल्यासारखं वाटलं.

हा दगड आला कुठून? गाईडने ते सांगितलं नाही, आमच्या पायांकडून वदवून घेतलं. सान सेबास्तियानोच्या चर्चपुढे रस्ता चढू लागतो. तिथे ती म्हणाली, "आता सगळ्यांनी मोटर बंद करा." आम्ही केली. सायकल एकदम शिळेसारखी जड झाली. मांड्या भरून आल्या, श्वास फुलला, शंभर-दीडशे मीटरमध्ये घाम आला. वर पोचल्यावर ती म्हणाली, "तुम्ही आत्ता लाव्हाच्या ओघावर चढलात." दक्षिणेला आल्बानच्या टेकड्या दिसतात, तो जुना ज्वालामुखी. अडीच लाखांहून अधिक वर्षांपूर्वी तिथून निघालेला लाव्हा वाहत वाहत इथपर्यंत आला आणि थिजला. रोमन लोकांना रस्त्यासाठी आयता काळा, टणक दगड मिळाला, रस्त्याला कोरडा, उंच कणा मिळाला. मोटर चालू असती तर हा चढ आम्हाला कळलाही नसता. ई-सायकलचा हा गुण मला फार मोलाचा वाटतो. मदत कधी घ्यायची आणि कधी नाकारायची हे तुमच्या अंगठ्यावर असतं.

त्या चढाच्या माथ्यावर, लाव्हा जिथे थांबला तिथे, सेसीलिया मेतेल्लाची कबर आहे. कबर हा शब्द फार तोकडा पडतो. चौथऱ्यावर प्रचंड गोल बुरूज, सुमारे तीस मीटर व्यासाचा. वर बैलांची मुंडकी आणि फुलांच्या माळा कोरलेली पट्टी, संगमरवरी फलकावर एक ओळ. ती ओळ इतकंच सांगते, की ही क्विंटस क्रेटिकसची मुलगी सेसीलिया मेतेल्ला, क्रॅससची बायको. ती कशी होती, काय वयाची गेली, एक अक्षर नाही. बाप कोण आणि नवरा कोण, एवढंच. चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला कायतानी घराण्याने तिच्या कबरीवर तट चढवून किल्ला केला आणि जाणाऱ्या-येणाऱ्यांकडून टोल घ्यायला सुरुवात केली. बुरुजाच्या माथ्यावरचे दाते तेव्हाचे.

रोमन कायद्याने शहराच्या हद्दीत मृतांना पुरायला किंवा जाळायला मनाई होती. म्हणून ऐपतदारांनी वेशीबाहेर, रस्त्याच्या कडेला जागा धरल्या. जितका रस्ता वर्दळीचा, तितकं नाव जास्त वाचलं जाणार. मैलच्या मैल दोन्ही बाजूंना थडगी उभी राहिली. आज बऱ्याच ठिकाणी संगमरवर गेलाय, आतला विटा-चुन्याचा गाभा उरलाय, झिजलेल्या दातासारखा.

पण याच रस्त्यावर ज्यांना थडगं मिळालं नाही त्यांचीही आठवण आहे. स्पार्टाकसच्या नेतृत्वाखाली गुलामांनी बंड केलं, ते इ.स.पू. ७१ मध्ये मोडून काढल्यावर सेनापती क्रॅससने जिवंत सापडलेल्या ६००० जणांना कापुआपासून रोमपर्यंत याच ॲपियाच्या कडेने क्रूसांवर चढवलं. मेतेल्ला सून झाली ती याच क्रॅसस घराण्यात. एका बाजूला तीस मीटरचा बुरूज, दुसऱ्या बाजूला सहा हजार माणसं आणि एकाचंही नाव नाही. गाईड हे सांगून गप्प झाली. आम्हीही काही बोललो नाही. पुढचं किलोमीटरभर फक्त चाकांचा आवाज होता.

कॅटाकोंब म्हणजे भुयारी दफनस्थळं. त्यांच्याबद्दल थोडक्यात सांगते, कारण तिथे सायकल बाहेर ठेवून खाली उतरावं लागतं आणि आत बरीच घाई असते. ज्वालामुखीच्या राखेचा मऊ खडक खणायला सोपा आणि हवा लागली की टणक होणारा, म्हणून त्यात मजल्यांखाली मजले खणता आले. एकट्या सान कालिस्तोची भुयारं सुमारे २० किलोमीटर भरतात. भर उन्हाळ्यातही आत अंगावर काहीतरी घ्यावं लागतं.

मला त्याहून रमायला झालं ते मॅक्सेंशियस बादशहाच्या रथशर्यतीच्या मैदानात. चौथ्या शतकाच्या सुरुवातीचं बांधकाम, अर्धा किलोमीटर लांब, आज नुसतं गवत. प्रेक्षकांच्या बैठकांखालची कमान फुटली आहे, तिच्यात बघा असं गाईड म्हणाली. आत मातीचे मडकेच मडके! तेल-दारू वाहून आणलेले रिकामे रांजण बांधकामात आडवे घालून वर चुना ओतलेला. कमानीचं वजन कमी व्हावं म्हणून. एका रांजणाची गोल कड मला स्पष्ट दिसली, कुणीतरी अंगठ्याने दाबून सारखी केलेली. इथे मधोमध एक ओबेलिस्क, म्हणजे उंच दगडी स्तंभ होता. तो सतराव्या शतकात शहरात नेला, आज तो पियाझ्झा नाव्होना या चौकात शिल्पकार बर्निनीच्या कारंजावर उभा आहे. लाखो लोक तिथे त्याचे फोटो काढतात. त्याची आधीची जागा इथे, गवतात मोकळी पडली आहे.

श्रोतेहो, हे गवत आपोआप राहिलेलं नाही. रोमसारख्या राजधानीच्या पोटाशी एवढं शेत आणि माळ उरतंच कसं? १९५० च्या दशकात इथे श्रीमंतांचे बंगले भराभर उठत होते. थडगी कुंपणाआड जात होती, कोरीव दगड बागांच्या भिंतींत बसत होते. शहराभोवतीचा मोठा वळणरस्ता तर थेट ॲपिया कापून गेला. तेव्हा अंतोनिओ चेदेर्ना या पत्रकाराने १९५३ साली या लुटीवर जळजळीत लेख लिहिला आणि पुढची चाळीसेक वर्षं तो लिहीतच राहिला. १९६५ मध्ये हा परिसर सार्वजनिक उद्यानासाठी राखून ठेवला गेला, १९८८ मध्ये उद्यान अधिकृतपणे स्थापन झालं. वळणरस्ता पुढे ॲपियाच्या खालून बोगद्यात घातला. चेदेर्ना १९९६ मध्ये गेले. त्यांची कागदपत्रं आज याच रस्त्यावरच्या कापो दि बोव्हे या घरात आहेत, आणि ते घर सरकारने विकत घेतलं. आणखी एक गोष्ट. जुलै २०२४ मध्ये ॲपियाचं नाव जागतिक वारशाच्या यादीत गेलं. तो निर्णय ज्या बैठकीत झाला ती नवी दिल्लीत भरली होती.

दुपारनंतर दगड सोडून आम्ही काफारेल्लाच्या खोऱ्यात उतरलो. अल्मोने नावाची छोटी नदी, ओली माती, उंच गवत. मेंढ्यांचा कळप वाटेत आला तेव्हा गाईडने हात वर केला आणि सगळे थांबलो. ई-सायकलला आवाज नसतो, जनावराला ती येताना कळत नाही, त्यामुळे थांबणं आपल्याच अंगावर येतं. कळप आमच्या चाकांना घासून गेला. लोकरीचा तो उबट वास बराच वेळ बरोबर राहिला.

शेवटी कमानी. एकामागून एक, मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. कालिगुला बादशहाने इ.स. ३८ मध्ये सुरू केलेला आणि क्लॉडियस बादशहाने ५२ मध्ये पुरा केलेला पाण्याचा पाट. एकूण लांबी सुमारे ६९ किलोमीटर, त्यातला बराचसा जमिनीखालून. शहर जवळ आलं की जमीन खाली जाते, पाण्याची उंची मात्र टिकवायची असते, म्हणून शेवटी पाट कमानींवर चढवलेला. नुसत्या उताराने पाणी आणलं. तो उतार इतका मंद की त्याच्या कडेने आम्ही मोटर बंद करून गेलो तरी चढतोय की उतरतोय हे सांगता येईना. सकाळी लाव्हाच्या चढाने घाम काढला होता, संध्याकाळी या पाटाने काही कळू दिलं नाही. त्या बांधणाऱ्यांना मात्र वीतभर फरकही कळत होता. ५३७ साली गॉथ सैन्याने रोमला वेढा घातला आणि हे पाट तोडले. ते नोंदवणारा इतिहासकार तोच, प्रोकोपियस.

परत फिरताना उन्हं कलली होती. बॅटरीची एकच रेघ उरली होती, म्हणून सगळे सावकाश चाललो होतो. ॲपियावर आल्यावर गाईडने शेवटचं थांबवलं. १९६० च्या ऑलिम्पिकची मॅरेथॉन याच रस्त्याने गेली, ती म्हणाली. सप्टेंबरची १० तारीख, अंधार पडलेला, कडेने सैनिक मशाली धरून उभे. आणि इथिओपियाचा अबेबे बिकिला अनवाणी धावत होता. त्याचा देश मुसोलिनीच्या फौजांनी जिंकला होता, तिथला अक्सुमचा स्तंभ उचलून रोममध्ये आणून उभा केला होता. त्या स्तंभाजवळच बिकिलाने वेग वाढवला आणि पुढे निघाला. २ तास १५ मिनिटं १६ सेकंद. सुवर्णपदक. स्तंभ इथिओपियाला परत गेला तो २००५ मध्ये.

आमच्यातल्या एक बाई, दिवसभर फारशा न बोललेल्या, सायकल झाडाला टेकवून खाली बसल्या. बुटांच्या नाड्या सोडल्या, मोजे काढले आणि दगडांवर उभ्या राहिल्या. मग मीही काढले. दगड अजून गरम होता.