तिसरी ओळ

(दृश्य: जिना. कठडा धरून एकेक पायरी उतरणारी पावलं. चेहरा दिसत नाही.)

जिना चढताना तिला फारसा त्रास होत नाही. उतरताना मात्र उजव्या गुडघ्यात कळ येते.

चार वर्षांपूर्वी रस्ता ओलांडताना एका मोटारीचा बंपर तिच्या गुडघ्यावर बाहेरच्या बाजूने आदळला. नडगीच्या हाडाच्या ज्या वरच्या टोकावर गुडघ्याचा सांधा टेकलेला असतो, ते टोक खचलं. पायी चालणाऱ्यांना ही इजा इतक्या वेळा होते, की हाडांच्या डॉक्टरांनी तिचं नावच बंपर फ्रॅक्चर ठेवलंय. शस्त्रक्रिया झाली, प्लेट आणि स्क्रू बसले, हाड जुळलं. सांध्यातली कूर्चा मात्र पूर्वीसारखी गुळगुळीत राहिली नाही. ती झिजत गेली.

ही बाई आम्ही कल्पिलेली आहे. तिच्यासारखे गुडघे जगभर आहेत. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०२१ मध्ये रस्ते अपघातांत सुमारे ११ लाख ९० हजार माणसं गेली, आणि त्यांतली २३ टक्के पादचारी होती. जखमी होऊन वाचणाऱ्यांचा वार्षिक अंदाज आहे २ ते ५ कोटी. या दोन टोकांमधलं अंतरच ३ कोटींचं आहे. वाचलेल्यांची मोजणी किती विरळ होते, ते यावरून कळतं.

(दृश्य: संगणकाचा पडदा. कर्सर लुकलुकतो आहे.)

मोजणीची सुरुवात इथे होते, मेडिकल कोडरच्या टेबलावर. रुग्णाला ही कोडर कधी भेटत नाही. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं आणि त्याला आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातला, म्हणजे आयसीडीमधला कोड द्यायचा, हे तिचं काम.

अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या आवृत्तीत आपल्या बाईसाठी तीन ओळी लागतात. आज जे दुखतंय ते सर्वांत आधी: एम१७.३१, म्हणजे इजेनंतर उजव्या गुडघ्याची झालेली झीज. त्याखाली ज्या इजेतून हे आलं ती: एस८२.१२१एस, उजव्या नडगीच्या हाडाचं बाहेरच्या बाजूचं फ्रॅक्चर. आणि तिसऱ्या ओळीत ती इजा कशी झाली ते: व्ही०३.१०एक्सएस. पायी चालणारी व्यक्ती, मोटारीची धडक, सार्वजनिक रस्त्यावर.

शेवटचं अक्षर नीट पाहा. अपघातानंतर उपचार चालू होते तेव्हा तिथे ‘ए’ होतं. हाड भरून येत होतं त्या काळातल्या भेटींना ‘डी’. आता ‘एस’ आहे. एस म्हणजे सिक्वेला: मूळ जखम भरली, तिच्यामुळे मागे उरलेलं दुखणं भरलं नाही. हे अक्षर सातव्या जागीच यावं लागतं. व्हीच्या कोडमध्ये सहावी जागा रिकामी राहते, म्हणून तिथे ‘एक्स’ भरलाय. आणि गुडघ्याच्या झिजेला हे ‘एस’ लागत नाही. ते इजेला आणि तिच्या कारणाला लागतं. नवखे कोडर हमखास चुकतात ते इथे.

किती वर्षांनंतरचं दुखणं सिक्वेला मानायचं, याला अमेरिकी नियमांत मुदत नाही. काही महिन्यांनी आलेलं चालतं, वीस वर्षांनी आलेलंही चालतं.

(दृश्य: वर्दळीचा चौक, वरून.)

इथे पादचारी कोण, हेही ऐकण्यासारखं आहे. रस्त्याकडेला गाडीचं चाक बदलणारा माणूस आयसीडीच्या लेखी पादचारी आहे. व्हीलचेअरवरची व्यक्तीही, बाबागाडीतलं बाळही. मला ही व्याख्या फार आवडते. वाहनाच्या पत्र्याआड नसलेल्या माणसांना तिने आठवणीने आत घेतलंय.

पण जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये वर्षभरानंतरच्या परिणामांना कारण म्हणून जो कोड मिळतो, तो आहे वाय८५.०: मोटार वाहन अपघातांचे उत्तर-परिणाम. चालक, दुचाकीस्वार, पादचारी, सगळे त्याच एका कोडमध्ये. अपघातानंतर कित्येक वर्षांनी त्याच्याच परिणामांनी कोणी दगावलं, तर ती व्यक्ती तेव्हा पायी चालत होती हे या कोडवरून कळत नाही. अमेरिकेतही १ ऑक्टोबर २०१५ ला आयसीडी-१०-सीएम येईपर्यंत ई९२९.० हा असाच एक सामायिक कोड होता.

आता तिथे वेगळा कोड आहे. तरीही तिसरी ओळ सारखी गळते. देशपातळीवर बाह्य कारणाचा कोड देण्याची सक्ती नाही. एखाद्या राज्याने किंवा विमा कंपनीने मागितला तर द्यायचा, नाहीतर ऐच्छिक. ज्या चौकात माणसं वर्षानुवर्षं अधू होतात, तिथे सिग्नल हवा की पदपथ हवा, हे ठरवणाऱ्यांना ही ओळ लागते. तिला ऐच्छिक ठेवणं मला चुकीचं वाटतं.

(दृश्य: केसपेपर. हस्ताक्षरातली एक ओळ.)

ओळ लिहायची ठरवली, तरी कोडर अंदाजाने काही लिहू शकत नाही. केसपेपरवर आज एवढंच आहे: ‘उजवा गुडघा दुखतो. जुना अपघात.’ कसला अपघात? ती गाडीत होती की पायी? दुखणं त्या फ्रॅक्चरमुळेच आहे का? हा संबंध डॉक्टरांनी लिहिला नसेल, तर कोडरने तो जोडायचा नसतो. डोक्याच्या इजेत हे आणखी कठीण. विसराळूपणा, चिडचिड, न थांबणारी डोकेदुखी घेऊन माणूस येतो, आणि जुन्या धडकेचा उल्लेख त्याच्याकडूनही होत नाही.

म्हणून कोडर डॉक्टरांना लेखी विचारते. प्रश्नात उत्तर सुचवायचं नसतं, तेव्हा शब्द जपून लिहिते.

दुसऱ्या दिवशी केसपेपरवर भर पडलेली असते. ‘चार वर्षांपूर्वी रस्ता ओलांडताना मोटारीची धडक. त्या फ्रॅक्चरमुळे आता सांध्याची झीज.’

कोडर तिसरी ओळ टाइप करते आणि पुढचा केसपेपर उघडते.