आधी गोडं पाणी, मग तेल

[दृश्य: पहाट. खाडीच्या तोंडाशी गस्तीची बोट हळूहळू धक्क्याला लागते.]

रात्रभर समुद्रावर होती ही बोट. उतरणाऱ्या शिपायांचे गणवेश अंगाला चिकटलेत. दोरखंड खारट, रेलिंग खारट, ओठांवरून जीभ फिरवली तर तीच चव. कमरेच्या पिस्तुलावरही मीठ बसलंय, पण ते अजून कुणाला दिसत नाही. दिसायला लागेल तेव्हा त्याचा रंग तांबूस झालेला असेल.

किनाऱ्यावर राहणाऱ्याला गंज शिकवावा लागत नाही. खिडकीचे गज, पडवीचा पत्रा, मोटरसायकलची साखळी, विहिरीवरच्या पंपाचे नटबोल्ट, सगळं तो खात असतो. मिठाचा स्वभावच तसा आहे. हवेतली आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ स्वतःच हवेतलं पाणी ओढतं आणि त्यात विरघळतं. पावसाळ्यात बरणीतल्या मिठाला पाणी सुटतं ते यामुळेच. लोखंडावर बसलेला मिठाचा कणही असाच ओला होतो, आणि त्या खाऱ्या थेंबाखाली गंज सुरू होतो. कोकणात जून ते सप्टेंबर हवा दिवसचे दिवस त्या ७५च्या खाली येत नाही.

[दृश्य: पोलीस ठाण्याची कौलारू इमारत. मागच्या बाजूला जाड दाराची खोली.]

शाळेच्या भूगोलात आपण शिकलो, महाराष्ट्राचा किनारा ७२० किलोमीटर. १९९३ साली श्रीवर्धनजवळ शेखाडीच्या किनाऱ्यावर स्फोटकं उतरली. २००८ च्या नोव्हेंबरात दहा जण समुद्रातूनच मुंबईत शिरले. त्यानंतर सागरी पोलीस ठाणी, गस्तीच्या बोटी आणि बोटीवरची हत्यारं यांचा विचार वेगळ्या गांभीर्यानं सुरू झाला. गस्तीच्या बातम्या आपण वाचतो. गस्तीवरून परत आलेल्या हत्याराचं पुढे काय होतं, हे मात्र मी कुठे दाखवलेलं पाहिलं नव्हतं. म्हणून मी इथे आलो.

हत्यारं ठेवायच्या या जाड दाराच्या खोलीला पोलीस 'कोत' म्हणतात. इथली हत्यारं सांभाळणारे आर्मोरर हवालदार मूळचे मालवणकडचे. ठाण्यात सगळे त्यांना काका म्हणतात, दोन दिवसांत मीही म्हणायला लागलो.

[दृश्य: कोतीबाहेर वाळूच्या पोत्यांचा आडोसा. शिपाई पिस्तुलाची नळी वाळूकडे धरून उभा.]

पिस्तूल थेट कोतीत जात नाही. आधी इथे, वाळूच्या पोत्यांसमोर ते रिकामं करायचं. नळी वाळूकडे, बोट चापाच्या कडीबाहेर. काका शेजारी उभे राहतात आणि मालवणीत एकच वाक्य म्हणतात, "आधी मॅगझिन भायर, मगे चेंबर." मॅगझिन म्हणजे मुठीत बसणारी काडतुसांची पेटी. चेंबर म्हणजे नळीच्या मागच्या टोकाशी काडतूस बसायची जागा.

या क्रमापाशी मला थोडं थांबायचंय, कारण इथे चुकलं तर साफसफाई करताना माणूस दगावू शकतो. हे सेल्फ लोडिंग, म्हणजे पुढचं काडतूस स्वतःच भरून घेणारं हत्यार आहे. स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा सरकणारा भाग, मागे ओढली की चेंबरमधलं काडतूस बाहेर फेकलं जातं. स्लाइड पुढे गेली की मॅगझिनमधलं वरचं काडतूस चेंबरमध्ये जाऊन बसतं. समजा एखाद्यानं आधी स्लाइड ओढली. एक काडतूस टणकन बाहेर पडलं, त्याला वाटलं झालं रिकामं. मग त्यानं मॅगझिन काढलं. आता हातात बिनमॅगझिनचं पिस्तूल आहे, बाहेर पडलेलं काडतूस डोळ्यांसमोर आहे, आणि दुसरं काडतूस चेंबरमध्ये आहे. कृती दोन्ही केल्या, फक्त उलट्या केल्या. एवढ्याशा फरकानं भरलेलं हत्यार रिकामं वाटायला लागतं.

म्हणून आधी मॅगझिन. मग स्लाइड दोन-तीनदा पूर्ण मागे ओढायची, शेवटी मागेच अडकवायची आणि चेंबरमध्ये डोळ्यांनी बघायचं. डोळ्यांनी बघितल्यावर काका करंगळी आत घालून पुन्हा चाचपतात. तीस वर्षांच्या नोकरीनंतरही चाचपतात. मी विचारलं, आत्ताच तर त्या शिपायानं तुमच्यासमोर तपासलं होतं ना? काका म्हणाले, "हत्यार रिकामा असा म्हणान दुसऱ्यान सांगल्यान, तरी आपल्या बोटान बघूचा. हत्यार हातात इला की नव्यान बघूचा."

काडतुसं मोजून, नोंदवून वेगळ्या पेटीत गेली. ज्या टेबलावर साफसफाई होते त्या टेबलावर एकही काडतूस राहत नाही.

[दृश्य: टेबलावर जाड पांढरं कापड. त्यावर पिस्तूल.]

हे ९ मिलिमीटरचं ऑटो पिस्तूल, पश्चिम बंगालमधल्या ईशापूरच्या रायफल फॅक्टरीत बनलेलं. घडण मूळ ब्राउनिंगची. जॉन ब्राउनिंग १९२६ मध्ये वारले, त्यांचं अर्धवट राहिलेलं काम बेल्जियमच्या द्यूदोने सेव्ह यांनी पूर्ण केलं आणि १९३५ मध्ये ते पिस्तूल बाजारात आलं. मॅगझिनमध्ये तेरा काडतुसं, रिकाम्याचं वजन किलोच्या आत.

या पिस्तुलात एक सोय आहे. मॅगझिन काढलेलं असेल तर चाप दाबूनही घोडा, म्हणजे बार उडवणारी हातोडी, पडत नाही. काका ही सोय नव्या पोरांना सांगतात, आणि लगेच तिच्यावर विसंबू नका म्हणून दटावतात. याची सवय लागलेला माणूस उद्या दुसऱ्या बनावटीचं पिस्तूल हातात घेईल. त्यात ही सोय नसेल. काही पिस्तुलं तर अशी आहेत की उघडण्याआधी चाप दाबावाच लागतो. तिथे चेंबर न बघता हात पुढे गेला तर सुधारायला वेळ मिळत नाही.

[दृश्य: काकांचे हात. जवळून.]

आता उघडणं. पोलिसांच्या भाषेत खोलणं-जोडणं. स्लाइड मागे घेतली, सेफ्टीची कळ वर करून स्लाइडच्या पुढच्या खाचेत अडकवली. स्लाइड तिथेच थांबली. आता उजव्या बाजूनं स्लाइड स्टॉपच्या, म्हणजे स्लाइड अडवणाऱ्या कळीच्या, खिळीचं टोक दाबायचं, डाव्या बाजूनं ती खिळ अलगद ओढून काढायची. वरचा सगळा भाग या एका खिळीवर धरलेला असतो. ती निघाली की स्लाइड घट्ट पकडून सेफ्टी खाली करायची आणि स्लाइड पुढून सरकवून काढायची. ती उलटी केली की आत स्प्रिंग आणि तिची दांडी दिसते. स्प्रिंग ताणात असते. ती अंगठ्यानं दाबून धरत उचलायची, तोंड बाजूला ठेवून. मग नळी बाहेर.

कापडावर आता मॅगझिन धरून सगळे सुटे भाग आहेत, निघाले त्या क्रमानं डावीकडून उजवीकडे मांडलेले. याच्यापुढे खोलायचं नाही. घोडा, चाप आणि त्यांच्यामधले बारीक तुकडे आर्मोररचे. परवाना असलेल्या सामान्य माणसानंही इथेच थांबावं. हत्याराची दुरुस्ती करायला आपल्या कायद्यात वेगळा परवाना लागतो. आणि पिस्तूल दुसऱ्या बनावटीचं असेल तर त्याच्यासोबत आलेली माहितीपुस्तिका आधी वाचावी, कारण खोलायची रीत प्रत्येकाची वेगळी.

[दृश्य: काका पितळी तांब्यातून वाटीत पाणी ओततात.]

मी तेलाच्या बाटलीची वाट बघत होतो. काकांनी पाणी घेतलं, विहिरीचं.

हे मला खरंच माहीत नव्हतं, आणि या सगळ्या चित्रीकरणात मला मिळालेली सगळ्यात मोलाची गोष्ट हीच. मीठ तेलात विरघळत नाही. समुद्रावरून आलेल्या हत्यारावर नुसतं तेल चोपडलं तर मिठाचे कण तेलाखाली तसेच राहतात. वरून हत्यार चकचकीत दिसतं, खाली काम चालू असतं. मीठ जातं ते गोड्या पाण्यानं. बंदरावर विचारा, कुठलाही मच्छीमार सांगेल. संध्याकाळी होडी किनाऱ्याला लावली की तो बाहेरच्या इंजिनातून गोडं पाणी फिरवतो, मगच घरी जातो. हत्याराचा आणि इंजिनाचा न्याय एकच.

गोड्या पाण्यात भिजवून घट्ट पिळलेलं फडकं. त्यानं स्लाइडच्या बाहेरून, खाचांमधून, मुठीच्या पट्ट्यांच्या कडेनं पुसायचं. फडकं बदलत राहायचं. पिस्तूल पाण्यात पडलं असेल तर सुटे भाग सरळ गोड्या पाण्यात खळबळून घ्यायचे. मग कोरडं करायचं, आणि इथे घाई नको. काका प्रत्येक भाग पुसून पंख्याखाली ठेवतात, तोवर नळी हातात घेतात.

[दृश्य: खिडकीच्या उजेडाकडे धरलेली नळी. आतल्या पेचदार रेषा.]

नळी सुमारे पावणेबारा सेंटिमीटर लांब. बार उडाला की दारूची काजळी आणि गोळीच्या तांब्याचा अंश आतल्या पेचदार खाचांमध्ये बसतो. पितळी तारांचा ब्रश काजळी सोडवणाऱ्या द्रावणात बुडवून आत घालायचा, चेंबरच्या बाजूनं. तोंडाकडून घातला तर सळई तोंडाच्या कडेवर घासते, आणि गोळी नळी सोडते ती त्या कडेवरून. कड झिजली की नेम जातो. ब्रशनंतर कापडाची चिंदी. पहिली काळी, दुसरी राखाडी, तिसरी मळकट. चिंदी पांढरी येईपर्यंत हे चालतं. काका हे मोजत नाहीत, चिंदीकडे बघतात.

खिडक्या उघड्या आहेत, जवळपास दिवा किंवा विडी नाही. द्रावणाची वाफ पेट घेते. काजळीत शिसं असतं, म्हणून टेबलावर चहाही येत नाही. साबणानं हात धुतल्यावर चहा.

[दृश्य: स्लाइडच्या खाचेत तेलाचा एक थेंब.]

आता तेल. स्लाइड ज्या खाचांवरून सरकते तिथे एकेक थेंब, नळीच्या बाहेरून, जिथे ती स्लाइडला घासते तिथे किंचित. बाकी सगळीकडे तेलाच्या फडक्याचा हात फिरेल एवढंच. जास्त तेल वाळू धरून ठेवतं, आणि किनाऱ्यावर वाळू कुठे नसते? मॅगझिनच्या आत तेल नाही, कोरडं फडकं. तेल काडतुसाच्या टोपीत मुरलं तर ऐन वेळी बार उडत नाही. चेंबरही पुसून कोरडंच ठेवायचं.

इथे माझ्या घरची गोष्ट सांगतो. आमच्या बागेला डुकरांचा त्रास. आजोबांच्या काळापासून शेती संरक्षणाच्या परवान्यावर बाराबोरची बंदूक घरात आहे. एका पावसाळ्यात मी ती तेल लावून, चामड्याच्या म्यानात घालून, कपाटात ठेवली. जपून ठेवली असंच मला वाटत होतं. दसऱ्याला पूजेसाठी बाहेर काढली तेव्हा नळीवर, म्यान जिथे टेकलं होतं नेमकं तिथे, खड्डे पडले होते. चामडं ओल धरतं, चार महिने त्यानं ती ओल नळीला लावून ठेवली. गंज घासून निघाला, खड्डे राहिले. आजोबांनी चाळीस वर्षं सांभाळलेली वस्तू माझ्या हातून एका पावसात डागाळली. काकांना हे सांगितलं तेव्हा ते काही बोलले नाहीत. नंतर त्यांनी कोतीतली रॅक दाखवली. एकही हत्यार म्यानात नव्हतं.

[दृश्य: जोडणी. खोलण्याच्या उलट क्रमानं.]

नळी, स्प्रिंग, दांडी. दांडीचं टोक नळीखाली नीट बसलं का ते बघून स्लाइड सांगाड्यावर चढवायची. मागे घ्यायची, सेफ्टीच्या खाचेत अडकवायची. खिळ परत आत, सेफ्टी खाली, स्लाइड पुढे. मग तपासणी. रिकामं मॅगझिन घालून, नळी वाळूकडे करून चाप दाबायचा. घोडा पडला. चाप दाबलेलाच ठेवून स्लाइड ओढायची, मॅगझिन रिकामं असल्यानं ती मागेच अडकते, म्हणून स्लाइड स्टॉप दाबून ती पुढे सोडायची, घोडा चढलेला राहिला पाहिजे. राहिला. मॅगझिन बाहेर, पुन्हा चेंबर, पुन्हा करंगळी.

[दृश्य: रजिस्टरवर सही. काका पिस्तूल फडक्यात धरून रॅककडे नेतात.]

काका आता पिस्तुलाला उघडा हात लावत नाहीत. घामही खाराच. रॅकवर ठेवल्यावर शेवटचं एकदा फडकं फिरवतात, स्वतःच्या बोटांचे ठसे पुसून टाकतात.

दार बंद होतं. काका कुलूप लावतात, किल्ली कमरेला अडकवतात, आणि हातातल्या त्याच तेलकट फडक्यानं कुलूपही पुसून घेतात.