नंबर ३१

श्रोतेहो, नमस्कार. अमेरिकेत कॉलेजच्या बास्केटबॉलला स्टेडियम तुडुंब भरतं, सामन्यांचे हक्क टीव्हीवाले विकत घेतात. खेळणारा मुलगा मात्र कितीतरी दशकं 'हौशी'च राहिला. शिष्यवृत्तीतून फी, राहणं, जेवण मिळायचं. पण स्वतःच्या नावावर जाहिरातीचा एक डॉलर घेतला की खेळायला बंदी.

एड ओबॅननची गोष्ट सांगतो. १९९५ मध्ये यूसीएलए विद्यापीठ राष्ट्रीय विजेतं झालं, त्या संघाचा हा हुकमी एक्का. डावखुरा, डोक्याचा तुळतुळीत गोटा, जर्सी ३१ नंबरची. व्यावसायिक खेळ संपल्यावर तो लास व्हेगासला गाड्या विकू लागला. एकदा मित्राकडे गेला, तर मित्राचा मुलगा व्हिडिओ गेम खेळत बसलेला. पडद्यावर यूसीएलएचा संघ, आणि त्यात एक डावखुरा, गोटा केलेला, नंबर ३१! नाव मात्र कुठंच नाही. पण नावाची गरजच काय? पोरानं ओळखलं, त्यानंही ओळखलं. आधी त्याला अभिमान वाटला. मग मित्रानं विषय काढला, की आम्ही या गेमचे पैसे मोजले, तुला काय मिळालं? काहीच नाही. गेम बनवणाऱ्याला मिळाले, परवाना देणाऱ्याला मिळाले. ज्याचा चेहरा, त्याला नाही. पुन्हा सांगतो, ज्याचा चेहरा, त्याला नाही.

२००९ मध्ये तो एनसीएए या कॉलेजच्या खेळांचे नियम करणाऱ्या संघटनेविरुद्ध कोर्टात गेला. २०१४ मध्ये न्यायाधीश क्लॉडिया विल्कन यांनी निकाल दिला, की खेळाडूला नाव-चेहऱ्याचे पैसे न देण्याचा नियम मक्तेदारीविरोधी कायद्याचा भंग करतो.

तिथल्या अनेक राज्यांत सरकारी नोकरांमध्ये सर्वांत मोठा पगार गव्हर्नरचा नसतो, सरकारी विद्यापीठातल्या अमेरिकन फुटबॉलच्या प्रशिक्षकाचा असतो. माझं मत स्पष्ट आहे: तिकीट विकायचं असेल, तर खेळणाऱ्याला हौशी म्हणू नये.

१ जुलै २०२१ पासून खेळाडूंना नाव आणि चेहरा विकायची मुभा मिळाली. २०२५ पासून कॉलेजही थेट पैसे देऊ शकतं. पहिल्या वर्षाची मर्यादा कॉलेजमागे सुमारे २ कोटी ५ लाख डॉलर.

आपली मुलं टेनिस, स्क्वॉश खेळायला तिकडे जातात, ती बहुधा एफ-१ या विद्यार्थी व्हिसावर. त्यांनी जपून राहावं. अमेरिकेत राहून जाहिरातीचं शूटिंग केलं, तर ते विनापरवाना काम ठरू शकतं आणि व्हिसा जाऊ शकतो. म्हणून आधी करार कॉलेजच्या परदेशी विद्यार्थी कार्यालयात दाखवा, मग व्हिसाच्या वकिलाला. सही त्यानंतर. आधी कार्यालय, मग वकील, मग सही. आणि आलेल्या पैशावर कर भरावा लागतो, तेवढी रक्कम पहिल्याच दिवशी बाजूला काढा.