रखुमाई खरंच रुसली होती का?

पंढरपूरला गेला असाल तर जरा आठवून बघा. विठ्ठलाच्या गाभाऱ्यात रखुमाई कुठे उभी होती?

कुठेच नाही. रामाच्या देवळात सीता शेजारी असते. आपल्या घरच्या देव्हाऱ्यातसुद्धा विठ्ठल-रखुमाई जोडीनं उभे असतात. आणि खुद्द पंढरपुरात तिचा गाभारा वेगळा, त्याच्या देवळाच्या मागच्या अंगाला. आधी त्याच्या पायांवर डोकं टेकवायचं, बाहेर यायचं, मग तिच्याकडे जायचं.

माझ्या आजीकडे याचं उत्तर तयार होतं. ‘रुसलीय ती.’ द्वारकेत राधा येऊन कृष्णाच्या मांडीवर बसली, रुक्मिणी समोर आली तरी उठेना. रुक्मिणी तडक निघाली ती भीमेकाठच्या दिंडीरवनात येऊन बसली, आणि देव तिला शोधत मागोमाग आला. पण एकादशीला हीच आजी दुसरी गोष्ट सांगायची. पुंडलिक आई-वडिलांचे पाय दाबत होता, देव दारात आला, पुंडलिकानं मागं न बघता वीट भिरकावली, ‘यावर थांब जरा.’ देव कमरेवर हात ठेवून जो उभा राहिला, तो अठ्ठावीस युगं.

मी एकदा विचारलं, ‘आजी, देव नक्की कशासाठी आला? बायकोसाठी की भक्तासाठी?’

आजी वाती वळता वळता म्हणाली, ‘एका खेपेत दोन्ही कामं केली.’

मला हे उत्तर आजही भारी वाटतं, कारण क्षेत्राची माहात्म्यं लिहिणाऱ्यांनी नेमकं हेच केलंय. दोन वेगळ्या गोष्टी एकीला एक जोडून शिवल्यात. आणि दंतकथांचे अभ्यासक सगळ्यात आधी ही शिवण शोधतात. ‘हे खरंच घडलं का’ हा प्रश्न ते बराच वेळ बाजूला ठेवतात. त्यांचा पहिला प्रश्न असतो, या गोष्टीला समजावून काय सांगायचंय? काहीतरी विचित्र डोळ्यांसमोर असतं, लोक विचारत असतात ‘असं का?’, आणि गोष्ट त्याचं उत्तर देते. देव विटेवर का? पुंडलिकानं फेकली म्हणून. रखुमाई वेगळी का? रुसली म्हणून. म्हणजे बऱ्याचदा मूर्ती आणि देऊळ आधी, गोष्ट मागून. अशा गोष्टीला कारणकथा म्हणतात.

आता देवळाचा कारभार बघा. विठ्ठलाकडचे पुजारी बडवे, हाताखाली सेवाधारी. रखुमाईकडचे पुजारी उत्पात. घराणी वेगळी, हक्क वेगळे, उत्पन्न वेगळं. 2014 साली सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानं हे वंशपरंपरेचे हक्क संपले, पण तोवर कित्येक पिढ्या एकाच आवारात दोन स्वतंत्र संसार चालले होते. मलिनोव्स्की नावाच्या मानववंशशास्त्रज्ञानं शंभर वर्षांपूर्वी मांडलं होतं की दंतकथा ही समाजाची सनद असते, कुणाचा हक्क कशावर हे ती सांगते. रुसवा ही उत्पातांची सनद होती, असं मी म्हणत नाही. पण नवरा-बायकोची चूल वेगळी असणं इथं कुणालाच खटकलं नाही, यात त्या गोष्टीचा वाटा असणारच.

खरी मजा मात्र पंढरपूरच्या बाहेर पडल्यावर येते.

तिरुपतीला चला. भृगू ऋषींनी विष्णूच्या छातीवर लाथ मारली, विष्णूनं उलट त्यांचाच पाय चेपला, आणि लक्ष्मी रुसून निघाली. कुठे? आपल्या कोल्हापूरला. देव तिला शोधत डोंगरावर आला, तिथं पद्मावती भेटली, तिच्याशी लग्न झालं. पद्मावतीचं देऊळ मात्र डोंगराखाली, तिरुचानूरला. कोल्हापूरच्या अंबाबाईला दर नवरात्रात तिरुपतीहून शालू येतो तो याच नात्यानं. (कोल्हापुरात काही जण हे नातंच मानत नाहीत. त्यांच्या मते अंबाबाई ही आदिशक्ती, कुणाची रुसलेली बायको नव्हे. कमेंटमध्ये भांडू नका, हा वाद आपल्या चॅनेलपेक्षा जुना आहे.)

मग जेजुरी. खंडोबाची म्हाळसा वाण्याची मुलगी, नेवाशाची. बाणाई धनगराची, चंदनपुरीची. बाणाईसाठी देवानं तिच्या बापाकडे चाकरी धरली, मेंढरं राखली. तिला घरी आणल्यावर म्हाळसेनं जे काही सुनावलं ते वाघ्या-मुरळी आजही गाण्यात घोळवून घोळवून सांगतात. शिवाय शिंप्याची, माळ्याची अशा आणखीही बायका आहेत.

इतिहासकार दामोदर धर्मानंद कोसंबी पुण्याच्या आसपास पायी फिरून असे देव तपासत. 1962 साली आलेल्या त्यांच्या पुस्तकात एक कळीचं सूत्र आहे: दोन देवांचं लग्न लागतं, तेव्हा त्यांना भजणारे दोन समाज एकत्र आलेले असतात. या चष्म्यातून खंडोबाच्या सासुरवाड्या बघा. वाणी, धनगर, शिंपी, माळी, सगळे एका देवाचे सोयरे. प्रत्येकाला वाटतं, जावई आमचा.

लोकसंस्कृतीचे अभ्यासक रा. चिं. ढेरे हे सूत्र घेऊन पंढरपुरात शिरले. 1984 सालच्या ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’मध्ये ते म्हणतात की विठ्ठल मुळात गवळी-धनगरांचा देव. धनगरी ओव्यांत त्याला पदूबाई नावाची बायको आहे. कोल्हापूर जिल्ह्यात पट्टणकोडोलीला विठ्ठल धनगरांच्या बिरदेवाच्या जोडीनं बसलाय, आणि तिथल्या यात्रेत भंडाऱ्यानं अख्खा माळ पिवळा होतो. तिरुपतीलासुद्धा पहाटे दार उघडलं की पहिल्या दर्शनाचा मान एका गोल्ल्याचा, म्हणजे गवळ्याचा. हा देव पुढे कृष्ण झाला, विष्णू झाला, आणि मग त्याला शास्त्रातली पट्टराणी लागली. जुन्या बायकोच्या घरात नवी बायको सामावताना जो आवाज झाला असेल, तो आपल्यापर्यंत ‘रुसवा’ म्हणून पोचलाय. हे शेवटचं वाक्य ढेऱ्यांचं नाही, माझं आहे.

पण या पद्धतीचा एक धोका आहे. एकदा नजर बसली की सगळीकडे मेंढरंच दिसायला लागतात. काही अभ्यासक तर म्हणाले, विठ्ठल म्हणजे गाई वाचवताना मेलेला वीर, आणि मूर्ती म्हणजे त्याचा वीरगळ, त्याच्या आठवणीचा कोरीव दगड. आता गावाबाहेर पारावर ठेवलेला एखादा वीरगळ नीट बघा. खालच्या चौकटीत गाई आणि मारामारी, मधल्या चौकटीत अप्सरा वीराला वर नेतायत, वरच्या चौकटीत तो शिवलिंगापाशी बसलाय, माथ्यावर चंद्र-सूर्य. यातलं विठ्ठलाच्या मूर्तीत काय आहे? काही नाही. एकटा उभा आहे, हात कमरेवर. मला हा तर्क पटत नाही. ढेऱ्यांचं म्हणणं जास्त भक्कम वाटतं, कारण ते एका मूर्तीवर थांबत नाहीत. ओव्या, मानपान, यात्रा, सगळं एकमेकांना घासून बघतात.

आणि आजीची गोष्ट खोटी ठरली का? छे. रुसवा म्हणून ती गोष्ट बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या जात्यावर गायली, त्यात स्वतःचं किती काय घातलं. तो वेगळाच व्हिडिओ होईल.

पुढच्या वेळी जेजुरीला गेलात तर एक करा. म्हाळसा वर गडावर, देवाजवळ. बाणाईचं देऊळ पायऱ्या चढताना अर्ध्या वाटेवर लागतं. बरेच जण चालता चालताच हात जोडून वर पळतात. तुम्ही तिथं दहा मिनिटं बाजूला बसा, आणि कोण थांबतंय, कोण ओटी भरतंय, ते बघा.