महाराजबाग: भोसल्यांच्या बागेतलं चालू शेत

(दृश्य: सकाळची वेळ. विद्यापीठ ग्रंथालय चौकातली गर्दी, ऑटोंचे हॉर्न. मग झाडांची दाट रांग.)

नागपूरकराला महाराजबाग म्हटलं की आधी पिंजरे आठवतात. इथलं प्राणिसंग्रहालय १८९४ चं. पण आज वाघ-अस्वलांना थोडं बाजूला ठेवू. आपल्याला बघायची आहे ती इथली माती. बर्डीपासून हाकेच्या अंतरावर, नाग नदीच्या काठाला, आजही दर हंगामात पेरली जाणारी काळी माती.

ही बाग नागपूरकर भोसल्यांची, राजघराण्याची घरची बाग. ११ डिसेंबर १८५३ ला तिसरे रघुजी वारले. गादीला मुलगा नव्हता, आणि डलहौसीने १८५४ मध्ये राज्य खालसा केलं. मग वाड्यातल्या वस्तूंची विक्री सुरू झाली. हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीवर लिलावात निघाले, जडजवाहीर कलकत्त्याला गेलं. राण्यांनी विरोध केला, पण ऐकतो कोण? बाग तेवढी उचलून नेता येत नव्हती, म्हणून राहिली.

पुढे इंग्रजांचं लक्ष शेतीकडे गेलं, त्यात दयेपेक्षा हिशेब जास्त होता. वऱ्हाड-नागपूरचा कापूस गिरण्यांना हवा होता. १८७७ पासून तर एम्प्रेस मिलचा भोंगा याच शहरात वाजू लागला. १९०६ मध्ये इथे कृषी महाविद्यालय सुरू झालं. १९६९ मध्ये अकोल्याचं कृषी विद्यापीठ स्थापन झालं, आज डॉ. पंजाबराव देशमुखांच्या नावाने ओळखलं जाणारं. हे महाविद्यालय त्याच्या छत्राखाली आलं.

(दृश्य: अजब बंगल्याचा दर्शनी भाग. काचेमागची शस्त्रं.)

जुन्या वस्तू बघायच्या तर नागपुरात १८६३ पासून अजब बंगला, म्हणजे मध्यवर्ती संग्रहालय, आहे. तिथली तलवार कुलपात ठेवली की नातवालाही तशीच दिसते. बियाण्याचं तसं नाही. जवस गोणीत भरून ठेवा. दर पावसाळ्यागणिक त्याची उगवणशक्ती उतरत जाते. वाण जपायचा तर तो पुन्हा पुन्हा पेरावाच लागतो. म्हणूनच महाराजबागेच्या या शेताला मी संग्रहालय म्हणतो, फाटकावर तशी पाटी नसली तरी.

(दृश्य: डिसेंबर. जवसाचा फुललेला वाफा, निळाच निळा.)

हा जवस. विदर्भातल्या घरात याची चटणी नाही असं होत नाही, आणि जुनी माणसं अजून जवसाच्या तेलातल्या भाजीची आठवण काढतात. याचं फूल सकाळी उमलतं आणि दुपारपर्यंत पाकळ्या गळूनही जातात. दोन वाणांचा संकर करायचा तर सगळी धावपळ त्या आधीच करावी लागते. आदल्या संध्याकाळी, उमलायच्या बेतात असलेली कळी चिमट्याने अलगद उघडायची आणि आतले परागकोश एकेक करून काढायचे. एखादा राहिला तर कळी स्वतःच फळते आणि मेहनत वाया. मग कळी झाकायची. सकाळी दुसऱ्या वाणाचे पराग आणून लावायचे आणि देठाला खूण बांधायची. खूण सुटली तर ते बोंड कुणाचं, हे देवालाही सांगता येणार नाही.

हे काम डोळ्यांचं आणि कमरेचं. वाफ्यात वाकून बसलेले हात बघा. एनएल-९७, एनएल-२६० हे जवसाचे वाण नागपूरच्या अशाच कामातून आलेले. वाण तयार झाला की पुढचं काम त्याहून कंटाळवाणं: ओळीओळीने फिरायचं आणि वेगळं दिसणारं झाड उपटून टाकायचं. फूल जरा फिकं, उंची जरा जास्त, की भेसळ. दया दाखवायची नाही.

(दृश्य: पऱ्हाटीचं शेत. फुटलेली बोंडं.)

कापसाची गोष्ट वेगळ्या वळणाने गेली. २००२ मध्ये बीटी, म्हणजे बोंडअळीला मारणारं जनुक घातलेलं बियाणं, आलं आणि बघता बघता विदर्भातल्या पऱ्हाटीत घरचं बियाणं उरलं नाही. शेतकरी दरवर्षी पाकीट विकत घेतो. बीटीने बोंडअळी आवरली, हे नाकारता येत नाही, पुढे गुलाबी बोंडअळीने बीटीलाही दाद दिली नाही, हेही खरं. सीतादहीचा, म्हणजे वेचणीच्या सुरुवातीच्या पूजेचा, दहीभात मात्र पहिल्या वेच्याला अजून शेतात जातो, कापूस कोणताही असो.

(दृश्य: विद्यार्थी, चिखलाने भरलेले बूट.)

आणि ही पोरं. कुणी भिवापूरच्या मिरचीवाल्याच्या घरची, कुणी काटोलच्या संत्र्याच्या बागेतली, तर कुणी जन्मात निंदण न केलेली. शेवटच्या वर्षी ‘रावे’ला, म्हणजे ग्रामीण शेतीच्या प्रत्यक्ष अनुभवासाठी, गावात राहायला गेली की शेतकरी त्यांना पहिलं विचारतो, ‘घरी शेती हाय का?’ बाकीची परीक्षा त्यानंतर.

(दृश्य: बियाण्याच्या थैल्या. टॅगचे क्लोज-अप.)

इथल्यासारख्या वाफ्यांतून निघालेल्या पैदासकार बियाण्याला, म्हणजे वाणाच्या मूळ शुद्ध बियाण्याला, पिवळा टॅग लागतो. ते पेरून पायाभूत बियाणं होतं, त्याला पांढरा. त्यापुढचं प्रमाणित बियाणं, त्याचा टॅग निळा, आणि तेच गावातल्या कृषी केंद्रात पोचतं. रब्बीसाठी जवस घ्यायला गेलात तर थैली उचलण्याआधी टॅग बघा, उगवणशक्तीची टक्केवारी आणि मुदतही वाचा. दुकानदार घाई करेल, करू द्या.